विज्ञानकथा खेड्यात कळत नाही, हे कुणी ठरवलं?

मा. संपादक साहेब,
सप्रेम नमस्कार.

मागच्या रविवारच्या पुरवणीत जयंत नारळीकर सरांच्या कथा-कादंबऱ्यांवर लेख आला होता, तो वाचला. लेख मन लावून लिहिलाय, त्याबद्दल वाद नाही. पण शेवटाकडं एक वाक्य आलंय की सरांनी उभं केलेलं जग शहरातल्या शिकलेल्या वाचकापुरतं राहिलं, ग्रामीण वाचकाला त्या जगाशी नातं जोडता आलं नाही. हे वाक्य मला चार दिवसांपासून टोचतंय. आज चाचणीचे पेपर तपासायचे पडलेत, घरात ज्वारी निवडायची पडलीय, ते सगळं बाजूला ठेवून लिहायला बसलेय, पत्र लांबलं तर सांभाळून घ्या पण मधूनच कापू नका एवढी विनंती.

मी हिंगोली जिल्ह्यात, वसमतकडच्या एका गावात हायस्कूलला विज्ञान आणि गणित शिकवते. सतरा वर्षं झाली. वर्गातली बहुतेक लेकरं शेतकऱ्यांची, काहींचे आईबाप दिवाळी झाली की ऊसतोडीला जातात, दोन-तीन जण बाजारच्या दिवशी हमखास गैरहजर कारण भाजीच्या गाड्यावर बसावं लागतं. म्हणजे लेखात ज्याला ग्रामीण वाचक म्हटलंय तो माझ्यासमोर रोज बाकावर बसलेला असतो, म्हणून त्याच्या वतीनं दोन शब्द सांगायचा मला हक्क आहे असं मी समजते.

सरांची पुस्तकं मला कशी मिळाली ते आधी सांगते, कारण खरी अडचण तिथं आहे, वाचकात नाही. तालुक्याच्या एका वाचनालयात गेले होते, तिथं काचेच्या कपाटात 'यक्षांची देणगी', 'प्रेषित', 'वामन परत न आला' आणि 'आकाशाशी जडले नाते' अशी चार पुस्तकं ओळीनं दिसत होती, कपाटाला कुलूप. चावी ज्यांच्याकडं ते रजेवर. तीन चकरा मारल्या तेव्हा कपाट उघडलं, आणि पुस्तक उघडलं तर पानं एकमेकांना चिकटलेली, मागच्या तारखेच्या कागदावर एकही शिक्का नाही. इतक्या वर्षांत एकानंही ते पुस्तक घरी नेलं नव्हतं, आणि नेणार कसं, कुलूप होतं ना. वाचक नाही असं म्हणण्याआधी ह्या कुलपाचा विचार करा साहेब.

आमची शनिवारची सकाळची शाळा असते. शेवटचे दोन तास मी वाचनाला घेते. पहिल्यांदा घेतली ती 'गंगाधरपंतांचे पानिपत'. ज्यांनी वाचली नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. गंगाधरपंत हे इतिहासाचे प्राध्यापक, ते एका अपघातानंतर भलत्याच हिंदुस्थानात जाऊन पडतात, तिथं पानिपत मराठ्यांनी जिंकलेलं आहे आणि मुंबई अजून इंग्रजांकडं आहे, पुण्याहून मुंबईला जाताना सरहद्द लागते. हे कसं झालं ते शोधत पंत ग्रंथालयात बसतात आणि बखरीत सापडतं की विश्वासरावांवर सुटलेली गोळी त्यांच्या कानाला चाटून गेली. तिळाएवढा फरक. आपल्या इतिहासात ती लागली, त्या इतिहासात चुकली, आणि पुढचं सगळं बदललं. मी हे वाचत असताना वर्गात जी शांतता होती तशी मी परीक्षेच्या हॉलमध्ये पण पाहिली नाही, कारण पानिपत हे आमच्याकडं पुस्तकातलं नाही, घरातलं आहे, अजून म्हातारी माणसं एखाद्या घराची वाताहत झाली की त्याचं पानिपत झालं म्हणतात.

वाचून झालं आणि मागच्या बाकावरचा एक मुलगा उठला, कधी तोंड न उघडणारा. म्हणाला, मॅडम, मंग आपण निजामात राहिलोच नसतो का?

साहेब, मी सतरा वर्षांत इतका चांगला प्रश्न ऐकला नाही. नारळीकर सरांनी कथेत मुंबई दाखवली, पुणे दाखवलं, ह्या पोरानं विचारलं आमचं काय. आणि गंमत म्हणजे पानिपताचा रस्ता आमच्या मराठवाड्यातूनच जातो. १७६० च्या फेब्रुवारीत उदगीरला सदाशिवराव भाऊंनी निजामाला हरवलं, दौलताबादच्या किल्ल्यासकट मोठा मुलूख घेतला, आणि नंतर जालन्याकडच्या परतूरहून मार्च महिन्यात भाऊ अन् विश्वासराव उत्तरेला निघाले ते परत आलेच नाहीत. १४ जानेवारी १७६१ ला सगळं संपलं. पेशवे खचलेत हे बघून निजामानं परत उचल खाल्ली, १७६३ ला माधवरावांनी राक्षसभुवनला, म्हणजे आपल्या बीड जिल्ह्यात, त्याला चांगला धडा शिकवला तरी निजामी टिकली ती टिकलीच, थेट १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत. हे सगळं मी फळ्यावर काढलं. मग लेकरंच बोलायला लागली. एक म्हणाला माझ्या पणजोबाला उर्दू शाळेत जावं लागलं नसतं. एक म्हणाली, मंग १७ सप्टेंबरला झेंडावंदनच नसतं झालं. एकानं विचारलं की गोळी चुकली अन् तरी बी आपण हरलो असतो तर? ह्या शेवटच्या प्रश्नावर घंटा झाली तरी कुणी उठेना.

आता सांगा, नातं जुळलं की नाही?

आणि ह्याच कथेबद्दल एक गोष्ट मला फार लागते. हीच कथा 'द अ‍ॅडव्हेंचर' नावानं एनसीईआरटीच्या अकरावीच्या इंग्रजीच्या पुस्तकात आहे, देशभरातली सीबीएसईची मुलं ती वाचतात, प्रश्नोत्तरं पाठ करतात. जी गोष्ट आपल्या भाषेतली, आपल्या दुःखावरची, ती आसामचं पोरगं इंग्रजीतून वाचतंय (वाचावीच, चांगलंय) आणि परतूरच्या पोराच्या हातात ती मराठीतून पडत नाही. मी दोन्ही वाचल्यात. मराठीत गंगाधरपंत हा शब्द ऐकला की माणूस डोळ्यासमोर उभा राहतो, कोट-टोपीसकट.

दुसरी गोष्ट घेतली ती 'उजव्या सोंडेचा गणपती'. डावीकडची वस्तू उजवीकडं, आरशातल्यासारखी उलटी होऊन परत आली तर काय, यावर बेतलेली आहे, त्यात डाव्या सोंडेचा गणपती उजव्या सोंडेचा होतो आणि क्रिकेटचा बॉलर पण आहे त्यामुळं पोरं एकदम खूष. पण हे होणार कसं, ते कळायला मोबियसची पट्टी समजावी लागते. ती आम्ही वर्गात केली, कशी केली ते लिहिते म्हणजे दुसऱ्या कुण्या शिक्षकाला करता येईल. वहीला घालायचं पारदर्शक प्लास्टिक कव्हर असतं ना, त्याची दोन बोटं रुंदीची लांब पट्टी कापायची. दोन्ही टोकं जवळ आणायची पण चिकटवायच्या आधी एका टोकाला एक पलटी द्यायची, मग सेलोटेप लावायचा. आता पट्टीवर मार्कर पेननं एक छोटा गणपती काढायचा, सोंड डावीकडं. त्याच्या पुढं तसाच दुसरा, पुढं तिसरा, पट्टी सरकवत सरकवत, पेन न उचलल्यासारखं एकाच बाजूनं जात राहायचं. एक फेरा झाला की शेवटचा गणपती बरोबर पहिल्याच्या पाठीवर येतो, पण डोकं खाली करून, आणि पहिल्याच्या बाजूनं आरपार बघत पट्टी फिरवून त्याला सरळ केलं तर त्याची सोंड उजवीकडं. कुठंही उलटा काढला नाही तरी उलटा झाला.

ज्या मुलीच्या हातात ती पट्टी होती ती एकदम गप्पच झाली. मग तिनं नखानं परत पूर्ण फेरा मारून बघितला, आपलं काढताना चुकलं तर नाही ना म्हणून. नाही चुकलं. पट्टीला दोन बाजू आहेतच कुठं, एकच आहे. पट्टीवरचं चित्र पट्टीत राहून फिरलं तर उलटं होऊन येतं, मग आपण ज्या जागेत राहतो त्या जागेलाच कुठं असा पीळ असेल तर त्यातून फिरून आलेल्या माणसाचं काळीज उजवीकडं जाईल, एवढंच सरांनी पुढं नेलंय. उजव्या सोंडेचा गणपती कडक, त्याचं सोवळंओवळं फार, हे आमच्या प्रत्येक घरात माहीत असतं. त्या ओळखीच्या गणपतीला धरून त्यांनी खेड्यातल्या लेकराला चौथ्या मितीपर्यंत नेलं.

तुमच्या लेखात सरांची ओळख आधी खगोलशास्त्रज्ञ आणि मग, जाता जाता, लेखक अशी आलीय. मला वाटतं हे उलटं बघायला पाहिजे, निदान आपण मराठी वाचकांनी तरी. १९७४ ला मराठी विज्ञान परिषदेच्या विज्ञानकथा स्पर्धेत त्यांनी 'कृष्णविवर' पाठवली तेव्हा स्वतःच्या नावानं पाठवली नाही. नारायण विनायक जगताप हे नाव घेतलं, आपल्या जयंत विष्णू नारळीकर नावाची आद्याक्षरं उलटी करून, आणि अक्षर ओळखू नये म्हणून पत्नी मंगलाताईंकडून लिहून घेतली. तेव्हा ते केंब्रिजहून आलेले, १९६५ ला पद्मभूषण मिळालेले, मुंबईच्या टीआयएफआर ह्या मूलभूत संशोधन संस्थेतले प्राध्यापक होते. नावावर बक्षीस सहज मिळालं असतं. त्यांना बघायचं होतं की गोष्ट आपल्या पायावर उभी राहते का. राहिली, पहिलं बक्षीस मिळालं. मी हा प्रसंग दर वर्षी दहावीला सांगते, कारण आमच्याकडं निबंध स्पर्धेत पण आधी आडनाव वाचतात.

त्यांच्या गोष्टींत एक माणूस परत परत भेटतो, तुम्ही वाचलं असेल तर आठवेल. तो काहीतरी मोजून, तपासून सांगतो आणि बाकीचे त्याचं ऐकत नाहीत. मुंबईत बर्फ पडतो त्या कथेतला शास्त्रज्ञ, समुद्र थंड होतोय हे आधीपासून सांगणारा, त्याला कुणी दाद देत नाही. 'धूमकेतू' मधले कोलकात्याचे दत्तदा, गच्चीवर दुर्बीण लावून बसणारे साधे गृहस्थ, धूमकेतू शोधतात आणि तो पृथ्वीवर आदळणार असं गणित निघतं. असा माणूस नारळीकरांना इतका जमतो कारण ते स्वतः आयुष्यभर तसे राहिले. केंब्रिजमधले त्यांचे गुरू फ्रेड हॉइल यांच्याबरोबर त्यांनी १९६४ मध्ये गुरुत्वाकर्षणाचा सिद्धांत मांडला, आणि विश्व एका महास्फोटातून सुरू झालं ह्या मताच्या बाजूनं सगळं जग गेलं तरी ते आपल्या शंका सोडायला तयार झाले नाहीत, शेवटपर्यंत पुरावा दाखवा म्हणत राहिले. त्यात ते बरोबर होते का चूक हे ठरवायची माझी ऐपत नाही, बहुतेक शास्त्रज्ञ त्यांच्या विरुद्ध बाजूला आहेत हे मी वर्गात सांगते. पण एकटं पडलेल्या माणसाच्या मनात काय चालतं हे त्यांना आतून माहीत होतं आणि ते गोष्टीत उतरलंय. हॉइल स्वतः पण कादंबऱ्या लिहायचे, १९५७ ची 'द ब्लॅक क्लाउड' त्यांचीच, गुरूकडून दोन्ही गोष्टी घेतल्या म्हणायच्या.

'धूमकेतू' बद्दल अजून थोडं. त्यात शास्त्रज्ञ रॉकेट पाठवून, स्फोट करून धूमकेतूची वाट वाकवतात, आणि इकडं घरी दत्तदांची बायको यज्ञ मांडते. धूमकेतू टळतो. बायको म्हणते यज्ञानं टळला. दत्तदांना काय बोलावं कळत नाही. मी ही गोष्ट वाचताना माझ्या सासूबाईंकडं बघत होते, ग्रहणात पाण्यात तुळशीचं पान टाकणाऱ्या, आणि मी त्याच घरात त्याच वेळी लेकरांना पुठ्ठ्याला भोक पाडून भिंतीवर सूर्य दाखवणारी. आमचं भांडण होत नाही, पण गप्प बसणं होतं. ते गप्प बसणं ह्या माणसानं बरोबर पकडलंय. आणि रॉकेटचं म्हणाल तर २६ सप्टेंबर २०२२ ला नासाच्या डार्ट यानानं डायमॉर्फोस नावाच्या छोट्या लघुग्रहाला धडक दिली आणि शेजारच्या मोठ्या लघुग्रहाभोवती त्याला लागणारा फेरीचा वेळ अर्ध्या तासाच्या वर कमी झाला. सरांच्या गोष्टीत स्फोट होता, इथं नुसती धडक होती, पण येणाऱ्या गोळ्याची वाट माणसाला बदलता येते हे खरं ठरलं. त्या दिवशी मी वर्गात आधी कथा वाचली आणि मग मोबाइलवर व्हिडिओ दाखवला.

'वामन परत न आला' वर आमच्याकडं फार वाद झाला. जमिनीत खोल पुरलेली एक पेटी सापडते, कुठल्यातरी जुन्या, आपल्याहून पुढारलेल्या संस्कृतीची, आणि तिच्यातल्या ज्ञानातून वामन नावाचा यंत्रमानव तयार होतो जो माणसालाच भारी पडायला लागतो. नावातच सगळं आहे, तीन पावलं जमीन मागणारा बटू. शहरात वामन म्हटलं की विष्णूचा अवतार म्हणून हात जोडत असतील, आमच्या शेतकऱ्यांच्या घरात ओवाळताना इडा पिडा टळो बळीचं राज्य येवो म्हणतात, त्यामुळं वामन हे नाव ऐकल्यावरच आमच्या लेकरांना कळलं की हा मागतोय थोडं पण सगळं घेऊन जाणार. ही कादंबरी ऐंशीच्या दशकातली. आज माझ्या वर्गातली पोरं चॅटजीपीटीकडून गणिताचा गृहपाठ करून आणतात, त्यांना हे जग लांबचं कसं वाटेल.

आणि 'प्रेषित'. दुसऱ्या ग्रहावरून आलेला, पृथ्वीवर आपल्यातलाच म्हणून वाढलेला मुलगा. ही मी वर्गात वाचली नाही, एका मुलीला घरी वाचायला दिली, तिचे आईबाप सहा महिने कारखान्यावर कोपीत राहतात, ती कधी त्यांच्याबरोबर, कधी आजीकडं. आठ दिवसांनी पुस्तक परत दिलं आणि म्हणाली, त्याला दोन घरं हायेत मॅडम अन् एक बी त्याचं न्हाई. मी काहीच बोलले नाही, पुढचं पुस्तक दिलं.

सगळंच चांगलं आहे असं मी म्हणत नाही, तसं म्हटलं तर सरांनाच आवडलं नसतं. त्यांची माणसं कधी कधी फार बोलतात, एक जण विचारतो आणि दुसरा पान-दोन पान समजावून सांगतो, तिथं माझी लेकरं पण चुळबुळ करतात. बायका कमी आहेत आणि ज्या आहेत त्यांना करायला फारसं काही नाही. पुतळे वाटतात काही पात्रं. आणि मी वाचलं त्यात तरी मराठवाडा नाही, नगरं तीच, त्यांच्या आत्मचरित्राच्या नावात आहेत ती चार, वाराणसी, केंब्रिज, मुंबई, पुणे. पण ह्याचा मला राग नाही. माणूस आपल्या अंगणातूनच लिहिणार. त्यांनी टीआयएफआरच्या गल्लीतून ब्रह्मांड बघितलं, आमच्या गल्लीतून ते कसं दिसतं हे आमच्याच कुणीतरी लिहायला पाहिजे, ते त्यांच्याकडून मागून चालणार नाही.

आणि लिहायला काय कमी आहे हो इकडं? हे जरा विस्तारानं लिहिते कारण खरं मला हेच सांगायचंय.

औंढा नागनाथला आमच्याकडं लोक ज्योतिर्लिंगासाठी येतात. त्याच औंढ्याजवळ आता लायगो-इंडिया ही गुरुत्वीय लहरी पकडणारी वेधशाळा उभी राहणार आहे. चार-चार किलोमीटर लांबीच्या दोन नळ्या, काटकोनात, आत हवा नाही, त्यातून लेझर जातो आणि आरशावर आपटून परत येतो, आणि कुठंतरी कोट्यवधी प्रकाशवर्षांवर दोन कृष्णविवरं एकमेकांवर आदळली तर त्या धक्क्यानं इथली लांबी प्रोटॉनच्या हजाराव्या भागाहून कमी बदलते, तेवढं मोजायचं. अमेरिकेतल्या अशा दोन यंत्रांनी १४ सप्टेंबर २०१५ ला पहिल्यांदा तो धक्का पकडला, १३० कोटी वर्षांपूर्वी निघालेला. २०२३ च्या एप्रिलमध्ये केंद्रानं आपल्या लायगोला २,६०० कोटी मंजूर केले. ह्या कामात पुण्याची आयुका ही खगोलशास्त्राची संस्था आहे, आणि आयुका उभी केली कुणी, १९८८ मध्ये नारळीकर सरांनीच. म्हणजे बघा, ज्यांनी पहिली गोष्ट लिहिली तिचं नाव 'कृष्णविवर', आणि पन्नास वर्षांनी कृष्णविवराची चाहूल घेणारं यंत्र माझ्या शाळेपासून एसटीनं तासाभराच्या वाटेवर. २० मे २०२५ ला सर गेले, हे यंत्र चालू झालेलं त्यांना बघायला मिळालं नाही, त्याची मला हळहळ वाटते.

आता ह्याच भागात वसमत तालुक्यात पांगरा शिंदे आहे, तिथं आणि आजूबाजूच्या गावांत कित्येक वर्षांपासून जमिनीतून गूढ आवाज येतात, लोक रात्री अंगणात येऊन बसतात. १० जुलै २०२४ ला सकाळी सातच्या सुमाराला ४.५ चा धक्का बसला, मी डबा भरत होते, मांडणीवरची ताटं वाजायला लागली आणि पहिला विचार किल्लारीचा आला. ३० सप्टेंबर १९९३ ला मी लहान होते पण त्या पहाटेचं घरातल्यांचं बोलणं आठवतं, आपल्याकडची जमीन दगडासारखी घट्ट, इथं कधी भूकंप होत नाही असं मोठी माणसं म्हणायची आणि एका पहाटेत हजारो माणसं गेली. म्हणजे ज्या जमिनीतून आवाज येतो तिच्याच जवळ जगातलं सगळ्यात हलकं हलणं ऐकणारं यंत्र. आत्ता लिहितानाही माझ्या अंगावर काटा आलाय. ही कादंबरी कुणी लिहिली नाही अजून.

किंवा लातूरचं घ्या. २०१६ च्या एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं, पहिल्या खेपेला दहा वाघिणी, पाच लाख लिटर. माझी बहीण लातूरला दिलेली आहे, ती सांगते लोक स्टेशनवर गाडीचं स्वागत करायला गेले होते. हे जर १९८० मध्ये कुणी गोष्टीत लिहिलं असतं की एक दिवस शहराला रेल्वेनं पाणी येईल, तर संपादकानं फारच कल्पना लढवलीय म्हणून परत पाठवली असती. सरांची 'पुत्रवती भव' आहे, मुलगाच हवा ह्या हट्टाला विज्ञानाचं औषध मिळालं तर काय होईल ह्यावर, आणि २०११ च्या जनगणनेत लहान मुलींचं प्रमाण राज्यात सगळ्यात कमी आपल्या बीडमध्ये निघालं. औषध नाही, सोनोग्राफी निघाली, एवढाच फरक. ती गोष्ट बीडच्या प्रत्येक कॉलेजात वाचली गेली पाहिजे होती.

म्हणून माझं म्हणणं असं आहे साहेब, की सरांची जयंती आली की फोटोला हार, एक भाषण, आणि विद्यार्थ्यांनी त्यांचा आदर्श घ्यावा म्हणून समारोप, हे बंद करा, त्याऐवजी त्या दिवशी एक गोष्ट मोठ्यानं वाचा. अर्धा-पाऊण तास लागतो. वाचनालयांनी कपाटाची कुलपं काढावीत, पुस्तक फाटलं तर फाटू द्यावं. आणि फलज्योतिषावाल्या राशीभविष्याला तुम्ही रोज जागा देता, त्याबद्दल मी तुमच्याशी भांडत नाही, पण २७ ज्योतिषांना दोनशेमधल्या कुंडल्या देऊन कुठली हुशार मुलाची आणि कुठली गतिमंद मुलाची हे ओळखायला लावणारा हाच माणूस होता आणि उत्तरं ४६ टक्केच बरोबर आली, नाणं उडवण्याइतकीही नाहीत, तेव्हा त्याच पानावर आठवड्याला एक छोटी विज्ञानकथा छापली तर बरं होईल. सर शाळेतल्या मुलांना सही देताना म्हणायचे की पोस्टकार्डावर विज्ञानातला प्रश्न लिहून पाठव, उत्तराखाली सही मिळेल. तुम्ही पण मुलांकडून गोष्टी मागवा.

तुम्ही मागायच्या आधीच मी एक सांगते. ती पट्टीवाली मुलगी, नववीतली, तिनं दिवाळीच्या सुट्टीत एक गोष्ट लिहिलीय. दोनशे पानी वहीची चौदा पानं, दोन्ही बाजूंनी, शुद्धलेखन कच्चं आहे. गावात जमिनीतून आवाज येतो. आवाज आला की एक आजी चुलीजवळच्या भिंतीवर कोळशानं रेघ मारते, तिला घड्याळ कळत नाही म्हणून कोंबडा आरवायच्या आधी का नंतर, गाय दुभायच्या आधी का नंतर अशा खुणा. डोंगरापलीकडच्या यंत्रावर काम करणाऱ्या बाईंना एक हिशोब लागत नाही, कारण रोज एका ठरावीक वेळी यंत्रात काहीतरी शिरतंय, आणि त्या विचारत विचारत आजीच्या भिंतीपाशी येऊन पोचतात. पुढचं मी सांगत नाही. गोष्टीत शास्त्रज्ञ पण बाई आहे आणि खुणा ठेवणारी पण बाई, हे तिला कुणी सुचवलेलं नाही.

वही माझ्याकडं आहे. शुद्धलेखन दुरुस्त करून पण तिची भाषा न बदलता मी टाइप करून देते, बाराशे-तेराशे शब्द होतील. तेवढी जागा रविवारच्या पुरवणीत निघते का आणि कुठल्या पत्त्यावर पाठवायची एवढं कळवा.

आपली नेहमीची वाचक,
एक शिक्षिका, ता. वसमत, जि. हिंगोली